रेल्सची ‘परांची’ का कोसळते?

इमारतीचे बांधकाम सुरू झाले, की तिच्याभोवती बांबूंची परांची उभी राहते. गवंडी तिच्यावर चढून विटा रचतो, गिलावा करतो आणि काम उरकले की परांची सोडवून नेली जाते. तिच्यावर बिऱ्हाड कोणी थाटत नाही. संकेतस्थळे बांधणाऱ्या प्रोग्रॅमरांच्या बोलीत याच अर्थाचा ‘स्कॅफोल्ड’ हा शब्द रूढ आहे. एका ओळीची आज्ञा द्यायची आणि डेटाबेसमधील तक्त्याशी देवाणघेवाण करणारा सगळा प्राथमिक कोड आयता मिळवायचा, असा हा प्रकार. नोंदींची यादी दाखवणारे पान, नवी नोंद भरण्याचा अर्ज, दुरुस्तीची आणि खोडून टाकण्याची सोय, हे सारे काही सेकंदांत तयार होते. ‘रुबी ऑन रेल्स’ या चौकटीने ही सोय घरोघरी पोहोचवली. आणि याच आज्ञेने पहिल्याच दिवशी हात टेकायला लावलेले नवशिकेही थोडेथोडके नसतील.

रेल्सचा जन्म शिकागोच्या थर्टीसेव्हन सिग्नल्स या कंपनीतला. तिच्या ‘बेसकॅम्प’ या सॉफ्टवेअरसाठी लिहिलेल्या कोडमधून डेव्हिड हाइनमायर हॅन्सन या डॅनिश प्रोग्रॅमरने ही चौकट वेगळी काढली आणि २००४ मध्ये ती सर्वांसाठी खुली केली. पुढच्याच वर्षी त्याने पंधरा मिनिटांत एक ब्लॉग उभा करून दाखवणारी चित्रफीत प्रसिद्ध केली. ती पाहून जावा आणि पीएचपीत कित्येक दिवस घालवणारे लोक थक्क झाले. त्या पंधरा मिनिटांतली जादू बऱ्याच अंशी स्कॅफोल्डची होती. साहजिकच पुस्तके, लेख, वर्ग या सगळ्यांत पहिला धडा तोच ठरला. मात्र चित्रफितीत सहज चालणारी आज्ञा स्वतःच्या संगणकावर चालेनाशी झाली, म्हणजे शिकणाऱ्याला वाटते की आपल्यातच काही उणे आहे. प्रत्यक्षात दोष बहुधा अन्यत्र असतो, आणि तो कोठे असतो ते शोधण्याची रीतही ठरलेली आहे.

डेटाबेसचा शब्द की आज्ञेचा?

सुरुवातीच्या आवृत्त्यांत ही आज्ञा ‘स्क्रिप्ट/जनरेट स्कॅफोल्ड प्रॉडक्ट अॅडमिन’ अशी असे. (टंकायची अर्थात रोमन लिपीत.) तिचा अर्थ असा, की ‘प्रॉडक्ट’ नावाच्या वस्तूसाठी ‘अॅडमिन’ नावाचा नियंत्रक तयार कर. वस्तूला नाव आहे, किंमत आहे की चित्र आहे, हे आज्ञेत कोठेही सांगावे लागत नसे. आज्ञा थेट डेटाबेसकडे जाई, तेथील ‘प्रॉडक्ट्स’ हा तक्ता उघडून त्याचे रकाने वाची आणि त्यांबरहुकूम अर्ज व यादी लिहून काढी. म्हणजे सत्य काय, ते डेटाबेसला ठाऊक. आज्ञा केवळ लेखनिक. तक्ताच नसेल तर ती अडून बसे आणि ‘आधी तुमच्या मॉडेलसाठी तक्ता तयार करून पाहा’ अशा आशयाचा संदेश देई. त्या काळातल्या शिकाऊ मंडळींना हा संदेश तोंडपाठ असे. त्याची कारणेही दोनतीनच होती. तक्ता तयार करणारी आज्ञा द्यायची राहिली, तक्त्याचे नाव अनेकवचनी ठेवले नाही, अथवा जोडणीच्या फाइलमध्ये भलत्याच डेटाबेसचे नाव लिहिले.

७ डिसेंबर २००७ रोजी रेल्सची २.० ही आवृत्ती आली आणि हा करार उलटा झाला. स्कॅफोल्ड या नावाची आज्ञा राहिली, पण तिने डेटाबेसकडे पाहणे सोडून दिले. आता रकाने आज्ञेतच सांगायचे: ‘स्कॅफोल्ड प्रॉडक्ट टायटल:स्ट्रिंग प्राइस:डेसिमल’. त्यांवरून मॉडेल, नियंत्रक, पाने आणि तक्ता तयार करणारी ‘मायग्रेशन’ची फाइल असे सगळे एकदम तयार होऊ लागले. पूर्वी तक्ता आधी आणि कोड नंतर असे. आता आज्ञेतली ओळ आधी, तिच्यातून कोड, आणि तक्ता सर्वांत शेवटी. वस्तूच्या नावापुढे जे काही लिहिले जाईल त्याला रकाना मानायचे, असा नवा नियम झाला. जुन्या पुस्तकातले ‘अॅडमिन’ आता नियंत्रकाचे नाव राहिले नाही.

ज्याने जुने पुस्तक समोर ठेवून नवी आवृत्ती बसवली, त्याची यातून तीन प्रकारे फसगत होई. पहिला प्रकार सर्वांत बोचरा. ‘स्कॅफोल्ड प्रॉडक्ट’ एवढीच आज्ञा दिली की ती बिनतक्रार पार पडे, फाइली तयार होत, पान उघडे. आणि त्या पानावर एकही रकाना नसे. अर्जात नुसते बटण, यादीत नुसते ‘दाखवा, दुरुस्त करा, काढून टाका’ असे दुवे. डेटाबेसमध्ये तक्ता भरलेला, पानावर शुकशुकाट. त्रुटिसंदेश नाही म्हणून शोध कोठून सुरू करावा तेही कळत नसे. दुसरा प्रकार असा, की पुस्तकाप्रमाणे आधी मॉडेल आणि मायग्रेशन तयार केलेले असे, मग स्कॅफोल्डची आज्ञा दिली की ‘या नावाचे मायग्रेशन आधीच आहे’ असे सांगून ती मध्येच थांबे. तिसरा प्रकार नियंत्रकात ‘स्कॅफोल्ड’ ही एकच ओळ लिहून पाने जागच्या जागी उभी करण्याच्या जुन्या युक्तीचा. ती २.० मध्ये गाभ्यातून काढून एका जोडभागात हलवली गेली. त्यामुळे ‘स्कॅफोल्ड नावाची पद्धत अस्तित्वात नाही’ असे उत्तर येई.

तिन्हींचे मूळ एकच. आज्ञेला माहिती कोठून मिळते, हा प्रश्न विचारला की उत्तर हाती येते. जुनी आवृत्ती असेल तर डेटाबेस तपासायचा, नवी असेल तर टंकलेली ओळ. आज ज्याच्याकडे तक्ता आधीपासून आहे, त्याने ‘स्कॅफोल्ड_कंट्रोलर’ ही उपआज्ञा वापरावी. ती मॉडेल आणि मायग्रेशनला हात न लावता केवळ नियंत्रक व पाने लिहिते. मात्र रकान्यांची नावे तिलाही हाताने पुरवावीच लागतात.

नव्या करारातली एक गोम पुष्कळांच्या ध्यानात उशिरा येते. २०१२ च्या ३.२ या आवृत्तीपासून प्रकार न लिहिलेला रकाना ‘स्ट्रिंग’, म्हणजे साधा मजकूर, समजला जातो. सोय चांगली आहे; पण ‘प्राइस:डेसिमल’ लिहिताना अपूर्णविरामानंतर सवयीने एक मोकळी जागा सोडली, तर आज्ञा त्याचे दोन तुकडे पाहते आणि ‘प्राइस’ व ‘डेसिमल’ असे मजकुराचे दोन रकाने बनवून मोकळी होते. तक्रार एका शब्दाची नाही. पुढे कधीतरी किमतींची चढती यादी मागितली, की शंभर रुपयांची वस्तू नव्वद रुपयांच्या वस्तूच्या आधी येते, कारण मजकूर म्हणून ‘१’ हा ‘९’च्या आधीचा. बिघाड त्या दिवशी दिसतो; त्याचे कारण मात्र काही महिन्यांपूर्वीच्या एका मोकळ्या जागेत दडलेले असते.

सूचना कोणत्या तारखेची?

रेल्सइतक्या वेळा आपल्या आज्ञांचे शब्द बदलणारी चौकट विरळाच. २.० नंतर अवघ्या काही दिवसांत, डिसेंबर २००७ मध्येच, २.०.२ ही आवृत्ती आली आणि नव्या प्रकल्पासाठी गृहीत धरला जाणारा डेटाबेस मायएसक्यूएलऐवजी एसक्यूलाइट झाला. ज्याने संगणकावर केवळ मायएसक्यूएल बसवले होते, त्याला ‘एसक्यूलाइट३ ही फाइल सापडत नाही’ असे उत्तर मिळू लागले. आपण तर एसक्यूलाइटचे नावही घेतले नव्हते, असे त्याला वाटणे स्वाभाविक होते. नोव्हेंबर २००८ च्या २.२ मध्ये मायएसक्यूएलशी बोलणारा, रेल्सबरोबरच येणारा चालक काढून टाकला गेला आणि तो वेगळा बसवणे भाग पडले. ऑगस्ट २०१० मध्ये ३.० आली, ‘स्क्रिप्ट/जनरेट’ जाऊन ‘रेल्स जनरेट’ आले. या बदलाची एक गमतीदार खूण कित्येक संगणकांवर राहून गेली. जुन्या आवृत्तीत ‘रेल्स’ या शब्दापुढे जे लिहिले जाई ते नव्या प्रकल्पाचे नाव समजले जाई. त्यामुळे संगणकावर जुनी आवृत्ती असताना कोणी नव्या पुस्तकातली ‘रेल्स जनरेट’ ही आज्ञा दिली, की ‘जनरेट’ याच नावाचा एक आख्खा नवा प्रकल्प फोल्डरात उभा राही. ‘रेल्स सर्व्हर’ म्हटले की ‘सर्व्हर’ नावाचा.

पुढे २०१६ च्या ५.० मध्ये ‘रेक’ऐवजी ‘रेल्स’ या शब्दानेच मायग्रेशन चालवता येऊ लागले. २०१७ च्या ५.१ पासून प्रत्येक मायग्रेशनच्या पहिल्या ओळीत ते कोणत्या आवृत्तीसाठी लिहिले आहे तो आकडा देणे सक्तीचे झाले. जुन्या धड्यातली फाइल जशीच्या तशी उतरवली, तर आजची रेल्स ती चालवण्यास नकार देते. येथे एक कौतुकाची गोष्ट सांगितली पाहिजे: तो नकार देणाऱ्या संदेशातच काय लिहावे याचा नमुना दिलेला असतो. पण लांबलचक इंग्रजी मजकूर लाल अक्षरांत पाहिला, की माणूस तो न वाचताच पडद्यावरून नजर काढतो.

संदेश वाचण्याचेही एक तंत्र आहे. रेल्सच्या त्रुटिसंदेशाखाली कधीकधी पन्नास-साठ ओळींची शेपटी असते. कोणत्या फाइलीने कोणत्या फाइलीला हाक मारली याची ती वंशावळ. त्यातल्या बहुतेक ओळी चौकटीच्या स्वतःच्या फाइलींच्या असतात आणि त्यांचा शिकणाऱ्याला उपयोग नसतो. पाहायच्या दोनच जागा: सर्वांत वरची ओळ, जेथे काय झाले ते लिहिलेले असते, आणि खाली उतरताना आपल्या प्रकल्पाच्या फोल्डरचे नाव जेथे पहिल्यांदा दिसते ती ओळ. हे पाहण्यापूर्वी आणखी एक सोपे काम करावे. ‘रेल्स’ या शब्दापुढे दोन आडव्या रेघा आणि ‘व्हर्जन’ असे लिहून संगणकावर कोणती आवृत्ती आहे ते विचारावे आणि हातातला धडा कोणत्या आवृत्तीचा आहे ते ताडून पाहावे. दोहोंत अंतर असेल, तर धड्यातील आज्ञा शब्दशः टंकत राहण्यात अर्थ नाही. कृत्रिम बुद्धिमत्तेच्या साहाय्यकाकडून आज्ञा विचारून घेणाऱ्यांनीही हीच काळजी घेतलेली बरी; वीस वर्षांच्या लिखाणावर पोसलेला साहाय्यक कोणत्या वर्षीची आज्ञा देईल याचा नेम नसतो. विचारताना आवृत्तीचा आकडा सांगितला की निम्मा घोळ टळतो.

कवितेची ‘कविटम’

आता ज्या अडचणीची झळ मराठी प्रोग्रॅमरांना विशेष बसते, तिच्याकडे वळू. रेल्सचा दंडक असा, की मॉडेलचे नाव एकवचनी आणि तक्त्याचे नाव अनेकवचनी. ‘प्रॉडक्ट’चा तक्ता ‘प्रॉडक्ट्स’, ‘पर्सन’चा तक्ता ‘पीपल’. हे रूपांतर रेल्समधला ‘इन्फ्लेक्टर’ नावाचा छोटा वैयाकरण करतो. त्याच्याजवळ शब्दकोश नाही; शब्दाच्या शेवटच्या एक-दोन अक्षरांवरून चालणारे काही नियम आणि मोजके अपवाद एवढीच त्याची पुंजी. आणि ते सारे नियम इंग्रजीचे.

आपल्या कवितांचे संकेतस्थळ करावे म्हणून एखाद्याने रोमन लिपीत ‘कविता’ या नावाचे स्कॅफोल्ड मागितले, तर इन्फ्लेक्टर शेवटचे ‘टी-ए’ पाहतो. इंग्रजीत लॅटिनमधून आलेल्या ‘डेटा’चे एकवचन ‘डेटम’. तर मग ‘कविता’ हेही अनेकवचनच असणार, असा निष्कर्ष काढून तो मॉडेलचे नाव ‘कविटम’ असे ठेवतो. ‘रस्ता’ लिहिले तर ‘रस्टम’. दिनदर्शिका बनवणाऱ्याने ‘दिवस’ म्हटले, तर शेवटचा ‘एस’ अनेकवचनाचा समजून तो छाटला जातो आणि दिवसाचा ‘दिवा’ होतो. ‘माणूस’चे काय होते ते वाचकांनी ताडलेच असेल: ‘मनू’. बाजारभावाच्या संकेतस्थळावर ‘कापूस’ घातला, तर हाती ‘कापू’ उरते.

अलीकडच्या आवृत्त्या अशा वेळी एक इशारा देतात: हे नाव अनेकवचनी दिसते, म्हणून अमुक एकवचन वापरत आहोत. पण तो पंधरा-वीस हिरव्या ओळींच्या डोक्यावर एका ओळीत येऊन जातो आणि सहज नजरेआड होतो. पुढे कोडमध्ये ‘दिवस’ असे मॉडेलचे नाव लिहिले, की ‘असा स्थिरांक माहीत नाही’ असे उत्तर येते आणि शोधाशोध सुरू होते. फाइलींची यादी पाहिली तर उलगडा क्षणात होतो. कारण तेथे दिव्याची फाइल असते, दिवसाची नसते.

उपाय आज्ञेआधी करायचा असतो. प्रकल्पाच्या ‘कॉन्फिग’ फोल्डरात ‘इनिशियलायझर्स’मध्ये ‘इन्फ्लेक्शन्स’ नावाची फाइल तयारच असते. तिच्यात ‘कविता’चे अनेकवचन ‘कविताज’ असे नोंदवले, किंवा ‘दिवस’ हा शब्द दोन्ही वचनांत सारखाच असे सांगितले, की इन्फ्लेक्टर ते मानतो. मात्र दुसऱ्या प्रकारात एक उपप्रश्न उद्भवतो. एकवचन आणि अनेकवचन सारखेच असेल, तर एका दिवसाचा दुवा आणि सर्व दिवसांच्या यादीचा दुवा यांची नावेही सारखीच होतील. तसे होऊ नये म्हणून रेल्स यादीच्या दुव्याला ‘इंडेक्स’ अशी पुस्ती जोडते. हे माहीत नसले की आणखी एक ‘पद्धत अस्तित्वात नाही’ पदरात पडते. आज्ञा आधी देऊन झाली असेल, तर नियम नंतर घालून उपयोग नाही. फाइली जुन्याच नावाने राहतात. तेव्हा त्या ‘रेल्स डिस्ट्रॉय’ने काढून टाकाव्या, नियम घालावा आणि आज्ञा पुन्हा द्यावी.

इन्फ्लेक्टरचे नियमच का सुधारत नाहीत, असा प्रश्न पडेल. रेल्सच्या मंडळाने त्याचे उत्तर देऊन ठेवले आहे: आता इंग्रजीच्या नियमांतही दुरुस्त्या स्वीकारल्या जात नाहीत, कारण चुकीच्या अनेकवचनांवर उभे असलेले जुने प्रकल्प त्यामुळे मोडतील. मराठी शब्दांचा एक लाभ मात्र आहे. रकान्याला ‘टाइप’ असे नाव देणे रेल्समध्ये धोक्याचे, कारण ते नाव चौकटीने एका वेगळ्या कामासाठी राखून ठेवले आहे. तेथे ‘प्रकार’ लिहिणाऱ्याला काहीच त्रास होत नाही. तरीही व्यवहारात सरळ मार्ग हाच, की मॉडेलची नावे इंग्रजी ठेवावी आणि पानावरची मराठी २.२ या आवृत्तीपासून उपलब्ध असलेल्या भाषांतराच्या फाइलींतून आणावी.

अर्धवट राहिलेले मायग्रेशन

स्कॅफोल्डची आज्ञा फक्त फाइली लिहिते. डेटाबेसमध्ये तक्ता उभा राहतो तो मायग्रेशन चालवल्यावर. ही दुसरी आज्ञा विसरली, तर ४.० पासूनच्या आवृत्त्या पानावरच ‘मायग्रेशन बाकी आहे’ असे स्पष्ट सांगतात. हा बिघाड नव्हेच. खरी डोकेदुखी मायग्रेशन मध्येच अडखळल्यावर सुरू होते.

समजा, एकाच मायग्रेशनमध्ये आधी एक तक्ता तयार करायचा आहे आणि नंतर दुसऱ्या तक्त्यात बदल करायचा आहे, आणि ही दुसरी पायरी चुकली. डेटाबेस पोस्टग्रेएसक्यूएल किंवा एसक्यूलाइट असेल, तर पहिली पायरीही रद्द होते आणि सगळे पूर्ववत राहते. मायएसक्यूएलमध्ये तसे घडत नाही. तक्ता बनवणारे प्रत्येक विधान तेथे लगोलग कायम होते. मायएसक्यूएल ८.० मध्ये, २०१८ साली, एकेक विधान अखंड पार पडण्याची हमी आली. विधानांचा गट मात्र आजही एकत्र मागे घेता येत नाही. त्यामुळे पहिला तक्ता तयार झालेला असतो, पण मायग्रेशन पूर्ण झाल्याची नोंद झालेली नसते. चूक सुधारून पुन्हा आज्ञा दिली की रेल्स पहिल्या पायरीपासून सुरुवात करते आणि डेटाबेस सांगतो, ‘तक्ता आधीच आहे’. दुरुस्ती योग्य असूनही नवीन चूक झाल्याचा भास होतो, तो यामुळे. सरावाच्या संगणकावर तो अर्धवट तक्ता हाताने काढून टाकून आज्ञा पुन्हा दिली की भागते. चालू संकेतस्थळाच्या डेटाबेसवर मात्र कोणती विधाने पार पडली हे एकेक करून तपासल्याशिवाय काहीही पुसू नये.

याच वर्गातली दुसरी चूक क्रमाची. स्कॅफोल्ड नको झाले म्हणून ‘रेल्स डिस्ट्रॉय’ ही आज्ञा दिली जाते. ती फाइली काढते, मायग्रेशनची फाइलही काढते, पण डेटाबेसमधल्या तक्त्याला स्पर्श करत नाही. तक्ता काढण्याचे काम ‘रोलबॅक’चे, आणि रोलबॅकला ती फाइल लागते. म्हणून आधी रोलबॅक, मग डिस्ट्रॉय. क्रम उलटा झाला, तर मायग्रेशनची स्थिती विचारल्यावर यादीत तारकांच्या मध्ये ‘फाइल नाही’ अशी एक ओळ दिसते. तक्ता आहे, तो कोणी बनवला याची नोंद आहे, पण बनवणारी फाइल नाही, असे ते पोरके प्रकरण असते.

आज्ञा दिली आणि काहीच घडले नाही, ना संदेश ना फाइल, असेही कधी होते. २०१४ च्या ४.१ पासून नव्या प्रकल्पांत ‘स्प्रिंग’ नावाचा मदतनीस येऊ लागला. आज्ञा झटपट चालाव्या म्हणून तो प्रकल्प स्मृतीत धरून ठेवी, आणि कधीकधी त्याच अवस्थेत अडकून बसे. ‘स्प्रिंग स्टॉप’ म्हटले की वाट मोकळी होते. २०२१ च्या ७.० पासून नव्या प्रकल्पांत तो आपोआप येत नाही. जुन्या प्रकल्पांत मात्र अजून भेटतो.

परांचीवरच संसार

आज्ञा एकदाची चालली, पाने दिसू लागली, की पुष्कळ जण तोच कोड थोडी रंगरंगोटी करून थेट वापरात आणतात. रेल्सच्या पहिल्या काही वर्षांत स्कॅफोल्डने लिहिलेला नियंत्रक अर्जातून आलेली सगळी माहिती न निवडता मॉडेलच्या हवाली करी. अर्जात जे रकाने दाखवलेच नव्हते, तेही कोणी बाहेरून घुसवून पाठवले तर ते निमूटपणे साठवले जात. मार्च २०१२ मध्ये येगोर होमाकोव्ह या रशियन प्रोग्रॅमरने याचा धडधडीत पुरावा दिला. त्याने हा मुद्दा आधी रेल्सच्या मंडळींसमोर मांडला होता. त्याची दखल मनाजोगी घेतली गेली नाही. मग त्याने गिटहबच्या एका अर्जातून जास्तीचा रकाना पाठवून स्वतःची किल्ली रेल्स प्रकल्पाच्या खात्याला जोडली आणि रेल्सच्याच भांडारात एक फाइल टाकून दाखवली. गिटहब स्वतः रेल्सवर बांधलेले. त्याच दिवशी तेथील भगदाड बुजवण्यात आले.

जून २०१३ च्या ४.० पासून स्कॅफोल्ड नियंत्रकाच्या तळाशी परवानगी दिलेल्या रकान्यांची यादी लिहू लागले. यादीबाहेरचे काही आत येत नाही. सुरक्षितता वाढली आणि तिच्याबरोबर एक नवा, मुका बिघाड आला. सहा महिन्यांनी तक्त्यात ‘फोन’ हा रकाना वाढवला, अर्जातही त्याची चौकट ठेवली, वापरणाऱ्याने क्रमांक भरला, ‘नोंद जतन झाली’ असा संदेशही आला. आणि डेटाबेसमध्ये ती जागा रिकामीच. स्कॅफोल्डने यादी लिहिली ती जन्माच्या वेळी. नंतर वाढलेल्या रकान्याची तिला खबर नाही. पडद्यावर काहीच दिसत नाही, पण सरावाच्या संगणकावरील लॉगमध्ये ‘परवानगी नसलेला घटक: फोन’ अशी एक ओळ पडलेली असते. नियंत्रकातल्या यादीत नाव वाढवले की काम होते.

या वेळी स्कॅफोल्डची आज्ञाच नव्या रकान्यासह पुन्हा देण्याचा मोह होतो. तेव्हा प्रत्येक जुन्या फाइलीपाशी ती थांबून ‘यावर लिहू का?’ असे विचारते आणि चौकटी कंसात काही अक्षरे दाखवते. त्यांतले ‘वाय’ मोठ्या लिपीत असते, म्हणजे नुसते एंटर दाबले तरी उत्तर होकारार्थी धरले जाते आणि हाताने केलेले काम पुसले जाते. त्याच कंसातले ‘डी’ हे अक्षर दाबले, तर जुन्या आणि नव्या फाइलीत नेमका कोणता फरक आहे तो ओळीओळीने पडद्यावर येतो. तो पाहून ‘एन’ म्हणावे आणि हवी ती ओळ हाताने उतरवून घ्यावी.